दुसऱ्याच्या पाळीचं पाणी

१९ मे, सोमवार, सकाळी साडेसात. कुस्को, हॉटेलच्या पायऱ्या. हजर पाच: मी, माझा नवरा, मोठे भाऊजी, जाऊबाई आणि नवऱ्याचे कॉलेजपासूनचे मित्र, उदगीरचे कापडवाले. सहावी आमची गाईड. उशिरा आलेले एकच, कापडवाले. अंघोळ, भस्म आणि शिवपूजा झाल्याशिवाय ते चहालाही हात लावत नाहीत आणि हॉटेलचं गरम पाणी त्या दिवशी सव्वासातला आलं.

गाईड साधारण माझ्याच वयाची, पन्नाशीच्या अलीकडची. ठेंगणी, काटक, डोक्यावर टोपी आणि गळ्यात सरकारी ओळखपत्र. त्या देशात ते कार्ड असल्याशिवाय पर्यटकांना जुन्या वास्तूंमधून फिरवता येत नाही. कार्डाला ती दर थोड्या वेळानं हात लावून बघायची, आपण मंगळसूत्र चाचपतो तशी.

सहलीचं कारण नवऱ्याची निवृत्ती. रेल्वेत पस्तीस वर्षं काढल्यावर त्यांना विमानानं कुठंतरी लांब जायचं होतं. भाऊजींना त्यांनी पेरूतल्या डोंगरउतारावरच्या शेतीचा फोटो दाखवला, खालपासून वरपर्यंत दगडी पायऱ्या आणि प्रत्येक पायरीवर रान. रेणापूरजवळ स्वतःची जमीन कसणाऱ्या माणसाला दुसरं काही दाखवायची गरज पडली नाही. जाऊबाई मात्र शेवटपर्यंत म्हणत होत्या, “डोंगर बघाया एवढ्या लांब? किनवटला डोंगर न्हाईत व्हय?”

निघण्याआधी नांदेडला आमच्या घरी बसून कामं वाटून घेतली. तिकिटं आणि पासपोर्ट नवऱ्याकडे, औषधं कापडवाल्यांकडे, खाणं जाऊबाईंकडे. गाईड इंग्रजीत बोलणार, तेव्हा भाषांतर माझ्याकडे, कारण मी कॉलेजच्या ग्रंथालयात आहे आणि इंग्रजीला घाबरत नाही. भाऊजींकडे काही दिलं नाही. त्यांना म्हटलं, तुम्ही फक्त बघा.

पहिले दोन दिवस छान गेले. कुस्को इतक्या उंचावर आहे की जिन्याच्या बारा पायऱ्या चढल्यावर थांबावं लागतं. हॉटेलवाले कोकाच्या पानांचा चहा देत. जाऊबाईंनी एक घोट घेतला आणि “कडुलिंब उकळलाय ह्यांनी” म्हणून कप माझ्याकडे सरकवला. दुसऱ्या दिवशी शहराच्या वरच्या किल्ल्यावर गेलो. तिथले दगड बैलगाडीपेक्षा मोठे, आणि दोन दगडांच्या मधे पोस्टकार्ड सरकत नाही. कापडवाल्यांनी खिशातलं कार्ड काढून सरकवूनही पाहिलं. भाऊजी दगडाकडे कमी आणि दगडाखालच्या मातीकडे जास्त बघत होते. लांबवर बर्फाचा डोंगर उन्हात पांढराशुभ्र दिसत होता. “तेच त्यांचं धरण हाय,” ते म्हणाले. गाईडला मी हे इंग्रजीत सांगितलं. ती थांबली, भाऊजींकडे नीट पाहिलं आणि म्हणाली, तीस वर्षांत एकाही पर्यटकानं हे माझ्याआधी सांगितलं नव्हतं.

तेव्हापासून दोघांची गट्टी जमली. तिला मराठी येत नाही, त्यांना इंग्रजी येत नाही. ती बोट दाखवी, ते मान हलवीत.

तिसऱ्या दिवसाची जागा कुस्कोपासून तासाभरावर होती. तिचं नाव लिहीत नाही, कारण तिथलं प्रकरण अजून मिटलेलं नाही. डोंगराच्या कुशीत बारा-तेरा रुंद पायऱ्या, हिरव्यागार, आणि वरच्या झऱ्याचं पाणी दगडी चाऱ्यांतून एका पायरीवरून दुसऱ्या पायरीवर उतरत होतं. पाचशे वर्षांपूर्वीची चारी आणि पाणी आजचं. लातूरकडच्या माणसाला हे दाखवू नये. आम्ही पाचही जण कितीतरी वेळ नुसते आवाज ऐकत उभे राहिलो. जाऊबाई म्हणाल्या, “आपल्याकडं टँकर आला की असा आवाज येतोय.” कुणी हसलं नाही, मग सगळेच हसलो.

फाटकाशी गाईडनं सूचना दिल्या होत्या. पायवाट सोडू नका, भिंतीवर चढू नका, आणि कशालाही हात लावू नका, विशेषतः पाण्याच्या चाऱ्यांना, कारण खालचं गाव अजून तेच पाणी वापरतं. मी त्या वेळी पाच माणसं, पाच टोप्या आणि पाच पाण्याच्या बाटल्या पाहत होते. मी सगळ्यांना मराठीत सांगितलं, “साडेदहापर्यंत इथंच परत यायचं. स्वच्छतागृह फाटकाच्या डाव्या हाताला आहे.”

बाकीचं सांगायचं राहिलं.

साधारण दहा वाजता आम्ही सगळ्यात खालच्या पायरीवर होतो. तिथून पुढे जुनी दगडी चारी संपते आणि गावाची मातीची चारी सुरू होते. त्या सांध्यावर एका बाजूनं गवताचं ढेकूळ काढलेलं होतं आणि पाणी आडवं, उताराच्या अंगानं वाहून चाललं होतं. आम्हाला ते पाणी दिसलं. भाऊजींना ते वाया जाताना दिसलं. मी गाईडबरोबर फोटो काढत होते. वळून पाहते तर भाऊजींनी बूट-मोजे काढून भिंतीवर ठेवलेले, पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली, आणि दोन्ही हातांनी ते ढेकूळ जागच्या जागी दाबत होते. वर एक चपटा दगड ठेवला, टाचेनं ठोकला. आडवं पाणी थांबलं आणि सरळ खाली गेलं. दोन मिनिटांचं काम.

जाऊबाई ओरडल्या, “अवो! घरी दारं धराया गडी लावता अन् हितं येऊन चिखलात उभे!”

“फुकट चाललं व्हतं पाणी.”

कापडवाले म्हणाले, “पाटील, हे तुमचं रान न्हाई, परदेश हाय.”

“पाण्याला काय पासपोर्ट असतोय का?”

तेवढ्यात वरून शिट्टी आली. भाऊजींना वाटलं दुसऱ्या कुणाला तरी आहे, म्हणून त्यांनीही वर बघितलं. पहारेकरी हात हलवत पायऱ्या उतरत होता. त्याच वेळी खालच्या बाजूनं एक बाई चढून येत होती. साठीची, दोन वेण्या, पाठीवर रंगीत फडक्यात काहीतरी बांधलेलं, हातात लांब दांड्याची कुदळ. ती पहारेकऱ्याच्या आधी पोचली. चारीकडे पाहिलं, भाऊजींच्या पायांकडे पाहिलं, आणि जे बोलायला लागली ते कुणाला भाषांतर करून सांगायची गरज नव्हती. तिनं आधी उताराकडे बोट दाखवलं, तिथं तिचं मक्याचं रान होतं. मग आकाशात बोट दाखवलं, सूर्य जिथून उगवतो तिथं, आणि मग भर दुपारी तो जिथं असतो तिथं.

भाऊजींचा चेहरा उतरला. माझ्या लग्नाला सत्तावीस वर्षं झाली, मी तसा चेहरा कधी पाहिला नव्हता.

“मॅडम,” ते मला म्हणाले. मला नोकरी लागल्यापासून ते मला मॅडमच म्हणतात. “तिची पाळी हाय ही. तिनंच सोडलं व्हतं पाणी.”

आमच्या गावाकडे भावकीची एक सामायिक विहीर आहे. चार घरं, आठ-आठ तासांच्या पाळ्या. पाणी फुटो, वाया जावो, शेजाऱ्याच्या रानात साचून डबकं होवो, दुसऱ्याच्या पाळीत त्याच्या दाऱ्याला, म्हणजे पाणी वळवायच्या तोंडाला, कुणी हात लावत नाही. एकदा एका चुलत भावानं लावला होता. त्या दोन घरांत अजून लग्नपत्रिका जात नाहीत. भाऊजी हा नियम दुसऱ्यांना शिकवणारे. आणि त्यांनी नेमकं तेच केलं, तेही विमानानं दोन दिवस प्रवास करून.

त्यांनी कुणाला विचारलं नाही. पुन्हा वाकले, दगड काढला, ढेकूळ उपसलं, आणि पाणी तिच्या रानाकडे वळवलं. पहारेकऱ्यानं अगदी त्यांच्या कानाशी दुसऱ्यांदा शिट्टी वाजवली. भाऊजींनी चिखलाचे हात बाईसमोर जोडले. तिनं पाण्याची धार पाहिली, कुदळीनं कड जरा रुंद केली, आणि भाऊजींना काहीतरी म्हणाली. गाईडनं नंतर सांगितलं, ती “आधीपेक्षा बरं उघडलं” असं म्हणाली. मग पाठीवरच्या फडक्यातून तिनं चार उकडलेले बटाटे काढून त्यांच्या ओंजळीत ठेवले आणि खाली गेली.

तिचं समाधान झालं. पहारेकऱ्याचं झालं नाही, आणि त्याचं चुकलं असंही मला म्हणता येत नाही. त्यानं एक छापील कागद काढला, गाईडचं कार्ड मागितलं आणि त्यावरचा नंबर उतरवून घेतला. पर्यटकानं संरक्षित वास्तूत फेरफार केला, गाईडनं रोखलं नाही. पर्यटकाला तो फक्त रागावला. जबाबदार गाईड.

परतताना गाडीत तिनं मला सगळं सांगितलं. कार्यालयात चौकशी होईल. ठपका बसला तर कार्ड या हंगामापुरतं काढून घेतात. हंगाम म्हणजे मे ते सप्टेंबर, बाकी महिने पाऊस, लोक येत नाहीत. सूचना दिल्या होत्या असं पर्यटकांनी लेखी दिलं तर मात्र सुटता येतं. हे सांगताना तिचा हात कार्डावरच होता.

“काय म्हंतीय ती?” भाऊजींनी विचारलं.

या वेळी मी सगळं सांगितलं. म्हणजे, चौकशीचं आणि हंगामाचं सगळं. “हंगाम गेला की वरीस गेलं,” भाऊजी एवढंच म्हणाले.

सहल पुढे झाली. गाईड एक शब्दही कडू बोलली नाही. रेल्वेनं डोंगरांच्या बोळातून गेलो. नवऱ्यानं रुळांची रुंदी, गाडीचा वेग आणि उशीर यांवर बरंच सांगितलं, कुणी ऐकलं नाही. माचू पिच्चूला आम्ही पोचलो तेव्हा ढग इतके होते की कापडवाले म्हणाले, एवढा खर्च करून पांढरं कापड बघायला आलो, ते तर माझ्या दुकानात हाय. मग वीस मिनिटांत ढग फाटले आणि शहराच्या भिंती, पायऱ्या, मागचा उभा सुळका सगळं एकदम समोर आलं. जाऊबाईंनी डोक्यावरून पदर घेतला. त्यांनी कुणाला नमस्कार केला ते त्यांनाही सांगता आलं नाही. भाऊजींनी तिथं अख्खे चार तास हात खिशात ठेवले. गाईडनं एका भिंतीपाशी खूण करून सांगितलं की इथं हात लावला तरी चालतो, तरी त्यांनी काढले नाहीत.

आता आम्ही परत येऊन तीन आठवडे झाले. कपडे धुऊन झाले, फोटो वाटून झाले, औषधं उरली ती कापडवाल्यांनी परत दिली. मागच्या आठवड्यात गाईडचा निरोप आला, चौकशी या महिन्याच्या अखेरीला आहे. पत्र त्याआधी, स्पॅनिशमध्ये, सह्यांसकट. हैदराबादच्या एक बाई भाषांतर करून देतात. त्यांना मजकूर शुक्रवारपर्यंत हवा.

मजकूर मी एका संध्याकाळी लिहिला. चांगला लिहिला होता. “भाषेच्या अडचणीमुळे सूचना आमच्यापर्यंत नीट पोहोचू शकल्या नाहीत आणि अनवधानाने…” असं. रविवारी तो घेऊन रेणापूरला गेले. भाऊजी पेरणीच्या तयारीत, ओट्यावर बियाण्याची पोती उघडलेली. चष्मा लावून त्यांनी दोनदा वाचलं.

“अनवधानानं न्हाई. मी बघून केलं. चुकलं, पर बघून केलं. तसंच लिवा. अन् त्या बाईची पाळी मोडली, तिची माफी आधी घाला, हापिसाची मागून.”

“घालते.”

“अन् हे भाषेची अडचण म्हंजे काय?”

“म्हणजे आपल्याला तिचं बोलणं…”

“मला न्हाई कळलं. तुमाला कळलं व्हतं का?”

मी पोत्यातलं सोयाबीन हातात घेतलं.

जाऊबाई आतून चहा घेऊन आल्या. “अवो, तिला काय कोर्टात उभं केलंय का? सही करा अन् मोकळं व्हा.”

“करतो की. मी कुठं न्हाई म्हंतोय?” भाऊजींनी कागदाची घडी घातली आणि माझ्या हातात परत दिली. “तिनं फाटकाशी सांगितलं व्हतं का न्हाई, हे ज्याला म्हाईत हाय त्यानं लिवायचं. भाषेची अडचण म्हंजे कोण, मॅडम? त्याचं नाव घाला. मग माझी सही घ्या. पेरणी असली तरी मी नांदेडला येऊन करतो.”

बरोबर आहे त्यांचं. सूचना दिली होती असं भाऊजी लिहू शकत नाहीत, जाऊबाई नाही, कापडवालेही नाहीत. नवरा म्हणतात, मी तेव्हा तिकिटं शोधत होतो, मी काही ऐकलं नाही. ऐकलं होतं ते मी एकटीनं.

पत्राचा बाकीचा भाग मी पुन्हा लिहून काढला आहे. मक्याच्या रानाचं, पहाटेपासून दुपारपर्यंतच्या पाळीचं, बाईच्या माफीचं, सगळं भाऊजींच्या शब्दांत. त्याच्या वर माझा परिच्छेद यायचा आहे: गाईडनं काय काय सांगितलं आणि मी त्यातलं काय सांगितलं नाही. तीन-चार ओळींचं काम. आज बुधवार. तेवढी जागा कोरी आहे.