रडूबाळ

आमचे हे बसच्या सीटांना कव्हरं शिवतात. लहानपणी मात्र सिनेमात रडायचे. पोस्टरवर यांचंच थेंब ओघळलेलं तोंड, आणि थेटरातून निघताना लोकांचे रुमाल ओले. सगळे 'रडूबाळ' म्हणायचे. आवाज फुटला तसं कुणी दारात उभं करेना. गरज सरो, वैद्य मरो.

ग्लिसरीन यांना कधी लागलंच नाही. शॉटच्या आधी सासरे कानाशी वाकून म्हणायचे, "आई गेली." पोर ढसाढसा रडायचं. दर वेळी फसायचं, कारण आईला खरोखर कुठंतरी दडवून ठेवलेलं असायचं. कट म्हटलं की ती धावत यायची.

अकराव्या वर्षी आई खरीच गेली. हॉस्पिटलच्या जिन्यात सासऱ्यांनी तेच दोन शब्द सांगितले. यांनी इकडंतिकडं पाहिलं आणि विचारलं, "कॅमेरा कुठंय?"

त्या दिवशी हे रडले नाहीत. पुढंही कधी नाही, आमचं पहिलं बाळ गेलं तेव्हाही नाही. दगडाशी लग्न लागलंय असं मला वाटायचं, खोटं कशाला बोलू?

यंदा बालकलाकारांवर माहितीपट करणारी मंडळी आली. यांनी लगेच हो म्हटलं. मला म्हणाले, "कॅमेऱ्यासमोर तरी बाबा म्हणतील, चुकलं माझं. मला दुसरं काही नको."

दुकानातले फोमचे गठ्ठे सारून दोन खुर्च्या मांडल्या, एक यांना, एक सासऱ्यांना. पोराला कसं रडवायचात, असं दिग्दर्शक बाईंनी विचारताच म्हाताऱ्याची कळी खुलली. "सोपं होतं हो! दोन शब्द, की नळ चालू!"

हे त्यांच्याकडं बघत राहिले. कशाची वाट बघतायत ते मला कळत होतं. माझा जीव नुसता जळत होता.

"आज तुम्हाला काय वाटतं?" बाईंनी यांना विचारलं. हे बोलेनात. बाईंचा वेळ फुकट चाललाय म्हणून सासरेच अस्वस्थ झाले. खुर्ची सरकवून ते यांच्या कानाशी वाकले आणि काहीतरी पुटपुटले.

आणि हे रडले. खुर्चीवरून उतरून जमिनीवर बसून, हंबरडा फोडून रडले. कॅमेरावालासुद्धा मान खाली घालून उभा राहिला. सासरे तेवढे बाईंना म्हणाले, "बघा! अजून एका टेकमध्ये देतो."

मंडळी गेल्यावर मी यांना पाणी दिलं. "चुकलं म्हणाले का?"

"नाही. आई गेली म्हणाले."

पाणी तसंच हातात होतं.

"गेलीच की गं ती," हे म्हणाले.