पत्ता विचारणारे काका

ज्याच्यावर अपील करता येत नाही असा निर्णय जगात अजून झालेला नाही, असं पेरुंगुडीतल्या आमच्या घरमालकांचं ठाम मत होतं. काका तंजावरकडच्या मराठी घरातले. विमा कंपनीच्या कायदा खात्यात त्यांनी तीस वर्षं एकच काम केलं. अपघातात हातपाय मोडलेल्याला न्यायाधिकरणाने भरपाई दिली, की ती फार झाली म्हणून हायकोर्टात अपील ठोकायचं. निवृत्त झाल्यावर ही खोड घरात शिरली. सांबारात मीठ बरोबर आहे असं काकूंनी म्हटलं, की यांची हरकत तयार: रांधणारीनेच निकाल दिला, सबब पक्षपात. मी पुण्याहून नोकरीला आलो तेव्हा खोली द्यायला हो म्हणाले आणि दुसऱ्या दिवशी स्वतःच्याच होकाराचा फेरविचार करत बसले. काकू मला म्हणाल्या, "लग्नाविरुद्ध अपील तेवढं राहिलंय. मुदत टळली म्हणून."

काकांना खरा अभिमान होता तो एका युक्तीचा. दावेदाराच्या दारात जायचं, पत्ता चुकल्याचं सोंग करायचं, "कोपऱ्यापर्यंत दाखवता का?" म्हणायचं आणि मागून त्याचे पाय बघत चालायचं. लंगडणं जरा कमी दिसलं, की अपिलात ओळ पडलीच: आधाराविना चालतो. "सगळं नाटक रे," पेल्यातून वाटीत कॉफी खालीवर करत ते सांगायचे. "कोर्टाची पायरी दिसली की माणूस लंगडतो." मला संताप यायचा, आणि लाज अशी की हसूही यायचं.

गेल्या वर्षी भाजी आणायला निघालेल्या काकांनाच एका व्हॅनने उडवलं. डाव्या गुडघ्याचं वाटोळं झालं, हातात काठी आली. न्यायाधिकरणाने भरपाई दिली, तीतून गुडघ्याचं ऑपरेशन व्हायचं होतं. तेवढ्यात व्हॅनच्या विमा कंपनीने अपील केलं: दुखापत फुगवून सांगितली आहे. काकांनी ते लाल पेन्सिल घेऊन वाचलं. "मसुदा कच्चा आहे," एवढंच म्हणाले.

आणि एका सकाळी फाटकाशी कडक इस्त्रीचा शर्ट घातलेले एक गृहस्थ उभे राहिले. पिळ्ळैयारचं, म्हणजे गणपतीचं, देऊळ कुठे, कोपऱ्यापर्यंत दाखवता का, असं तमिळमध्ये विचारू लागले. काकांनी त्यांना एका नजरेत ओळखलं. बसल्या जागेवरून बोट दाखवलं असतं तरी भागलं असतं. पण काका उठले, काठी भिंतीला टेकवून ठेवली आणि ताठ चालत निघाले.

परतले तेव्हा शर्ट घामाने भिजला होता. मी भडकलोच. "काठी का ठेवलीत, काका? ऑपरेशन गेलं ना हातचं."

ते पायरीवर टेकले, गुडघा दोन्ही हातांनी धरून. "लंगडत गेलों असतों तर त्यास नाटक वाटलं असतं रे." मग गुडघा चोळत म्हणाले, "मज तीस वर्षं तसंच वाटलं."

त्या गृहस्थांचा अहवाल कोर्टात गेला, भरपाई निम्म्यावर आली, ऑपरेशन राहून गेलं. या निकालावर मात्र काकांनी अपील केलं नाही. हल्ली फाटकाशी कुणी पत्ता विचारायला आलं, की ते उठायच्या आत मी चपला घालतो.