अवि इथं थांबायचा

अविच्या घरून वहिनींचा फोन आला तेव्हा मी वर्तकनगरच्या नाक्यावर भाजी घेत होतो. "भावोजी, हे गेले," एवढंच त्या बोलल्या. मला तिथंच रडू फुटलं. आणि रडता रडताच मनात आलं, आता सगळे याला डोक्यावर घेणार आणि ते मला बघावं लागणार... आलं मनात, काय करू? अविवर माझा जीव होता आणि आयुष्यभर मी त्याच्यावर जळलो.

माझा हा मित्र, अविनाश, चित्रपटांना पार्श्वसंगीत द्यायचा. त्याचं नाव तुम्ही ऐकलं नसेल. माझं ऐकलं असेल, मालिकांच्या शीर्षकगीतांमुळे. आम्ही दोघं डोंबिवलीच्या एकाच भजनी मंडळात पेटी शिकलो. हात माझा तयार होता. पण हा पठ्ठ्या शेवटच्या ओळीला पेटी सोडूनच द्यायचा. गाणाऱ्यांचे उघडे आवाज तेवढे उरायचे आणि देवळात बसलेली माणसं हलायची थांबायची. "पेटी का सोडलीस रे?" बुवा ओरडले. "आता तुमचं तुम्हाला येतंय की," अवि म्हणाला. बुवा हसले. मला कधी हसले नाहीत.

पुढे एका फ्रेंच दिग्दर्शिकेने खडवलीला नदीकाठी चित्रपट केला. तिने आम्हा दोघांकडून एकाच प्रसंगाचं संगीत मागवलं. आई मुलाच्या अस्थी सोडते, असा प्रसंग. मी व्हायोलिनचा ताफा बसवला, पदरमोड करून. अविने नुसती पेटी वाजवली, आणि आईचा बांध फुटायच्या जरा आधी तीही थांबवली. बाई मला म्हणाल्या, फार सुंदर. अविला काही म्हणाल्याच नाहीत, त्याचा हात धरून बसल्या. बाहेर आल्यावर मी तणतणलो, "अरे, अर्धवट सोडलंयस तू!"

"पुढे ती रडतेय ना रे. मी कशाला मध्ये रडू?"

असा माणूस. माझी एक तरी चाल त्याने चांगली म्हणावी, एवढीच माझी हाव होती. विचारलं की म्हणायचा, "थांब रे, मुरू दे." मुरता मुरता तोच गेला.

तो गेल्यावर महिन्याभराने बाळकुमला त्यांच्या घरी गेलो. खिडकीशी त्याची पेटी तशीच होती. वहिनी म्हणाल्या, "तुमची ती पहिल्या मालिकेची चाल रोज संध्याकाळी वाजवायचे." माझ्या कानांवर विश्वास बसेना. लगेच पेटी पुढे ओढली आणि अगदी ऐटीत वाजवू लागलो. शेवटच्या ओळीवर आलो तशा वहिनी उठून दिवा लावायला निघाल्या.

"अहो, संपली नाही अजून," मी म्हणालो.

"हे इथंच थांबायचे. म्हणायचे, मोहनची चाल इथं पूर्ण होते."

मी भाता सोडला. पूर्ण झाली होती. स्वतःची चाल मला पहिल्यांदाच इतकी आवडली, आणि तीही त्याच्यामुळे. राग आला, रडूही आलं.

पेटी वहिनींनी मलाच दिली. रोज संध्याकाळी बसतो. आज शेवटची ओळ वाजवायचीच, असं ठरवून बसतो... अजून वाजवलेली नाही.