टेपमधल्या बाईंचं पाणी

श्रावण आला की आमच्या गिरणीच्या चाळीत मला भाव यायचा. एरवी मी लोकांचे पापड लाटणारी बाई. पण तो महिनाभर रोज दुपारी कुणाच्या ना कुणाच्या घरी पाटावर बसून पोथी वाचायचे. खण-नारळ मिळायचा, शिधा मिळायचा आणि बायका अहो-जाहो करायच्या. खोटं कशाला बोलू, मला शिध्यापेक्षा त्या अहो-जाहोचीच गोडी जास्त.

सत्तरचं दशक सरत आलं होतं. धाकट्या दिरानं आपल्या लाऊडस्पीकरच्या दुकानात टेपरेकॉर्डर आणला. म्हणाला, वहिनी, पोथी शेकडो वर्षांची, लिहिणारा कधीच देवाघरी गेला, आता विचारायला कोण येतंय? तुम्ही फक्त वाचा. मी वाचली. मधेच घसा सुकला तशी जावेवर खेकसले, "अगं, पाणी आण की!" तेही टेपमध्ये राहिलं. पुसायचं कसं, ते पठ्ठ्याला ठाऊक नव्हतं. मला एक साडी मिळाली, तीही रंग जाणारी.

पुढच्या श्रावणात मला एकाही घरचं बोलावणं नाही. दीर टेप भाड्यानं फिरवत होता. आयत्या पिठावर रेघोट्या! हिश्शाचं काढलं तर म्हणे, पोथी काय कुणाच्या बापाची हाय का? जीव जळाला माझा. घसा माझा आणि खण-नारळ मशीनपुढं.

शेवटी लाज सोडून साखर पेठेतल्या एका घरी आपणहून गेले. म्हटलं सांगावं, ती बाई मीच, टेप बंद करा, मी वाचते. तिथं मला कुणी ओळखत नव्हतं. पोथी सुरू झालेली. घरधनिणीनं तोंडावर बोट ठेवून मला दाराशी बसवलं. उन्हातून चालून घशाला कोरड पडली होती. तेवढ्यात टेपमधून मीच खेकसले, "अगं, पाणी आण की!"

घरधनीण लगबगीनं उठली. चांदीच्या फुलपात्रात पाणी आणून तिनं टेपपुढं ठेवलं, हात जोडले. सगळ्या बायकांनी जोडले. मला राहवेना. पुढं सरकून मी फुलपात्र उचललं.

तिनं माझा हात धरला. "अवो, ते बाईंचं हाय. तुमाला पायजे तर भाईर नळ हाय की."

मी बाहेर आले. सोलापूरचा दुपारचा नळ, त्याला थेंब नाही. आत मात्र माझा आवाज पाणी पिऊन मोकळा झाला होता आणि पुढचा अध्याय वाचत होता.