माळ्यावरचं टोपलं

त्या रशियनाचा मला पहिल्या दिवसापासून संशय होता. सिनेमा काढणारा म्हणे! मग नटी कुठं, राजा कुठं, गोष्ट कुठं? हा बाबा आमच्या वलगावच्या वावरात पालथा पडून बैलांचे खुर टिपायचा, नाहीतर कापूस वेचणाऱ्या बायांच्या नुसत्या सावल्या. आणि मागं सदा फौजदार. पोलीस बरोबर असलेला माणूस कोणाचा असतो, हे मला कोणी शिकवायला नको होतं.

आमच्या माळ्यावर माझा दीर लपला होता. सत्याग्रहात सरकारी जंगलातलं गवत कापल्यापासून त्याच्यावर वॉरंट होतं, आणि हिवतापानं तो असा खंगला होता की तुरुंगात गेला असता तर परत आला नसता. दुपारी घर सामसूम झालं की मी टोपल्यात भाकर ठेवायची, वरून तो दोरी ओढायचा. काही वेळानं रिकामं टोपलं खाली यायचं.

यांचे मावसभाऊ अमरावतीला वकील. ते दुभाषे म्हणून रशियनासोबत येत. ते सांगायचे, त्यानं रशियात मोठमोठ्या चित्रपटांचं छायाचित्रण केलं. पण स्वतःचे सिनेमे गोष्टीवाचून काढतो म्हणून तिथून काढला, मुंबईच्या कंपनीतही टिकला नाही. आता जिनिंगवाल्या सेठजींनी कापसावर सिनेमा काढायला ठेवलाय, हेच शेवटचं दार. फौजदार तर त्याच्यावरच पाळत ठेवून आहे. मी मान डोलावली, विश्वास काही ठेवला नाही. चोराच्या मनात चांदणं!

एका दुपारी रिकामं टोपलं सोडवून मी वळले, तर कापसाच्या गंजीआड त्या रशियनाचं सिनेमाचं यंत्र कुरकुरत होतं. त्यानं यंत्रावर फडकं टाकलं अन् निघून गेला. मेल्यानं डाव साधला, म्हटलं मी. फिल्म धुवायला मुंबईला गेली, आणि दिराला त्या तापात हलवता येईना. संक्रांतीपर्यंत मी दारावरच्या प्रत्येक थापेला दचकत होते.

मग सेठजींनी अमरावतीच्या थेटरात सगळ्यांना बोलावलं. न जावं तर लोकांना शंका. फौजदार नेमका माझ्या मागच्या खुर्चीवर. रशियन स्वतःच सिनेमा दाखवायच्या मशीनचा दांडा फिरवत होता. पडद्यावर कापसाच्या गाड्या मागं मागं चालत वावरात शिरल्या. बाया ओटीतला कापूस काढून परत बोंडांत लावू लागल्या. सारंच उलटं! सेठजी सोडून सगळे पोट धरून हसत होते. तेवढ्यात आमचं घर आलं. मी पदर तोंडात कोंबला. रिकामं टोपलं वर गेलं, भाकर घेऊन खाली आलं, आणि ती भाकर काढून मी उलट्या पावली चालती झाले.

"काय बाई, तुमच्या माळ्यावर अन्नपूर्णा बसली हाय काय?" फौजदार म्हणाला, अन् हसतच सुटला.

बाहेर सेठजींनी रशियनाला सगळ्यांदेखत कामावरून काढलं. वेड्याच्या वेडापायी आपण वाचलो, असं मी वकीलभाऊजींना कुजबुजले. त्यांनी आवाज खाली आणला.

"वैनी, काल मी हाच सिनेमा सुलटा पायला. आज फौजदार दारात दिसला, अन् यानं दांडा उलटा फिरवला."

मला रडूच फुटलं. माझ्या दिरासाठी त्यानं शेवटचं दार लावून घेतलं होतं, आणि मी महिनाभर त्याला शिव्या मोजल्या होत्या. पाया पडावं म्हणून टांग्याकडं निघाले, तर फौजदार त्याच्या शेजारीच उभा. रशियन माझ्याकडं पाहून जरासा हसला. मी ओळख नसल्यासारखी मान फिरवली.