तिसऱ्या सोमवारची कबुली
पहिला सोमवार: गेलेल्या पत्नीशी मी मोठ्याने बोलतो, ही गोष्ट पूर्णा येथील समुपदेशक बाईंनी माझ्या संमतीविना माझ्या मुलाला सांगितली, जबाबदार त्या. दुसरा सोमवार: मी गेलो नाही, विश्वासभंगाचे तीन आरोप रजिस्टर पत्राने धाडले; जबाबदार पुन्हा त्याच. त्या पत्राची पोचपावती आज कपाटात सापडली आणि तिसरा सोमवार आठवला. खोलीत फिनेलचा वास होता, बाहेर मालगाडीचे डबे आदळत होते. बाईंनी माझे पत्र माझ्यासमोर अथपासून इतिपर्यंत वाचले. म्हणाल्या, “काका, तिन्ही आरोप खरे हायेत. चूक माझीच हाय. आता बोलताव, का चौथा लिवताव?” मी थक्क झालो. आयुष्यभर पत्रे लिहिली, पण समोर बसून कबुली देणारे माणूस प्रथमच पाहत होतो. मग मीही कबूल केले: पत्नीने शेवटचे पाणी मागितले, तेव्हा मी रुग्णालयाच्या वॉर्डातील अस्वच्छतेविरुद्ध अर्ज लिहीत होतो आणि तिला “थांब” म्हणालो होतो. बाईंनी ते सारे मान खाली न घालता ऐकले. त्या रात्री मी झोपलो. माझे अर्ज वर्षानुवर्षे दाबून ठेवणाऱ्या सर्व अधिकाऱ्यांनो, चूक मान्य करायला त्या समुपदेशक मुलीला एक क्षण लागला. तुम्हांला किती वर्षे लागतात, याचे जाहीर उत्तर द्या.