हनुवटीखालचा हात

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. तुम्हालाच का सांगतोय, ते विचारू नका — मलाच नीट ठाऊक नाही.

लोणावळ्याच्या बंगल्यांवर मी कुत्र्यांचे केस कापायला जातो. मशीन बघून थयथयाट करणारी कुत्री माझ्यापुढं गप उभी राहतात, म्हणून माझं नाव आहे. पण ती विद्या माझी नाही, आबांची. माझ्या वडिलांची. इथंच जवळ, औंढे गावात, आमच्या गोठ्यात पोळ्याआधी बैलांची शिंगं तासायचो मी, आणि आबा बैलाच्या हनुवटीखाली नुसता हात धरायचे. बैलानं आपणहून मान टेकवली, तरच तासायचं. "त्यानं मान काडली की आपुन थांबायचं," म्हणायचे. "मंग जनावर भ्येत न्हाई."

झिपऱ्याला त्यांनी असंच शिकवलं. कुण्या बंगलेवाल्यांनी सोडून दिलेलं केसाळ कुत्रं ते. कात्री दिसली की अंगावर यायचं. आबांनी महिनाभर हात धरला, भाकरीचा तुकडा दिला, कात्री हुंगू दिली. पुढं पुढं आबा अंगणात बसले, की झिपऱ्या त्यांच्या तळव्यावर हनुवटी टेकवून, डोळे मिटून गोचिडी काढून घ्यायचा. आबांना तेव्हा जेमतेम दिसायचं. सगळं चाचपूनच.

त्या शनिवारी — कसं सांगू? — बंगल्यावरून फोनवर फोन येत होते. आबा देवळात गेलेले. झिपऱ्याच्या कानामागं केसांची गाठ झाली होती. म्हटलं, उरकून टाकू. त्यानं हनुवटी टेकवली. मग काढली. मी थांबलो का? नाही. त्याच हातानं मी त्याचा जबडा आवळून धरला. तो कुंईकुंई करत राहिला, आणि कात्री कानात घुसली. तरी मला चावला नाही. चावला असता तर बरं झालं असतं. मी हळद दाबली, वरून केस सारखे केले, आणि कामाला गेलो.

संध्याकाळी मी अंगणातच होतो. आबांनी रोजच्यासारखा हनुवटीखाली हात घातला. झिपऱ्यानं तो हात चावून फोडला.

"कुत्रं बिघडलं," — हे मीच सगळ्यांत आधी म्हणालो. शेजारची पोरं लहान, सगळे घाबरलेले. कामशेतच्या दवाखान्यात आबांना इंजेक्शनं चालू होती, तेवढ्यात मी झिपऱ्याला लांब नवलाख उंबरे गावाकडं एका शेडवर राखणीला बांधून आलो. निघताना सवयीनं हात पुढं केला. त्यानं तोंड फिरवलं.

घरी आलो, तर आबा पट्टीचा हात मांडीवर घेऊन बसलेले.

"त्यानं मान काडलीवती का रं? मला दिसलं नसंल."

खरं सांगायला एक वाक्य पुरलं असतं. एकच. मी म्हणालो, "व्हय, आबा."

"मंग त्याची चूक न्हाई," आबा म्हणाले. "माजीच हाय."

त्यानंतर तीन पोळे त्यांनी पाहिले. एकदाही बैलापुढं गेले नाहीत. "मला दिसत न्हाई, जनावराला तरास नगं," म्हणायचे. तसेच गेले. झिपऱ्याला बघायला मी कधी गेलो नाही, तोंडच नव्हतं.

काल बंगल्यावरच्या बाईंनी विचारलं, हे कुठं शिकलात? वडिलांकडून, म्हणालो. त्यांचं कुत्रं माझ्या तळव्यावर हनुवटी टेकवून, डोळे मिटून उभं होतं.

झिपऱ्यानं मान काढली होती — माझ्या हातातून. आबांनी आयुष्यात एकाही जनावराला दाबून धरलं नव्हतं.